रोज तांब्याभर नको: बारमाही फुलझाडांची तहान ओळखायची कशी?

गेल्या वैशाखात शेजारच्या काकू मोगऱ्याची कुंडी घेऊन आल्या. पानं कडेनं करपलेली, कळ्या उमलण्याआधीच तपकिरी पडलेल्या. “रोज न चुकता तांब्याभर पाणी घालते गं, तरी असं का झालं?” काकूंचा आवाज अगदी कळवळल्यासारखा होता. ओट्यावर वर्तमानपत्र पसरून आम्ही कुंडी आडवी केली, कडेनं थापट्या मारल्या आणि झाड मातीच्या गोळ्यासकट बाहेर काढलं. वरची दोन बोटं माती काळीभोर, ओली. त्याखालचा सगळा गोळा विटेसारखा कोरडा. जिवंत मुळं तेवढ्या वरच्या थरात दाटीवाटीनं गोळा झालेली, खालची सुतळीसारखी वाळून गेलेली. पाणी रोज मिळत होतं आणि तरीही झाड तहानेनं मरत होतं.

नव्यानं बाग करणाऱ्या बहुतेकांकडे मला हेच दिसतं, किंवा याच्या अगदी उलट, म्हणजे सतत ओल राहून कुजलेली मुळं. दोन्हीचं मूळ एकच: पाणी घड्याळ पाहून घातलं जातं, माती पाहून नाही. झेंडू किंवा पिटुनियासारखी हंगामी झाडं तीन-चार महिन्यांची पाहुणी असतात, त्यामुळे त्यांच्या बाबतीत चूक झाली तरी पुढच्या हंगामात नवी रोपं लावता येतात. पण मोगरा, जास्वंद, गुलाब, अनंत, सोनचाफा, पारिजातक, बोगनवेल, अबोली ही झाडं वर्षानुवर्षं आपल्याजवळ राहतात. मुळांवर आज झालेला परिणाम पुढच्या वर्षीच्या बहरात दिसतो. म्हणून यांना पाणी देणं नीट शिकून घ्यायला हवं. मी पुण्यात राहते, थोडं अंगण आहे आणि बरीचशी झाडं गच्चीवर कुंड्यांत आहेत. त्यामुळे इथले आकडे देशावरच्या हवेचे आहेत. कोकणासाठी वेगळं काय करायचं ते जिथे लागेल तिथे सांगते.

पहिली पायरी: आधी माती, मग झारी

झारीला हात लावण्याआधी बोट मातीत घाला. पहिल्या पेरापर्यंत नको, दुसऱ्या पेरापर्यंत. वरची माती वाऱ्या-उन्हानं तासाभरात सुकते, तिच्यावरून काहीच कळत नाही. बोटाला दीड-दोन इंचांवर गारवा लागला, माती चिकटली, तर आज पाणी नको. कोरडी भुरभुरीत लागली तर द्या.

मोठ्या कुंडीत बोट पुरत नाही. तिथे मी खराट्याचा हीर वापरते. कडेपासून जरा आत तिरका खुपसून पाच-दहा मिनिटं ठेवायचा आणि ओढून पाहायचा. हीर ओलसर निघाला, त्याला मातीचे कण चिकटले, तर खाली ओल आहे. मातीची कुंडी असेल तर आणखी एक जुनी युक्ती आहे: बाहेरून बोटाच्या टिचकीनं वाजवा. कोरडी कुंडी टणटण वाजते, ओली बद्द वाजते. प्लास्टिकच्या कुंडीला आवाज नाही, पण वजन आहे. पाणी दिल्यावर लगेच एका बाजूनं किंचित कलवून पाहा, दोन दिवसांनी परत कलवा. आठवड्याभरात हाताला फरक आपोआप कळायला लागतो.

बाजारात ओल मोजणारी छोटी यंत्रंही मिळतात. माझं मत विचाराल तर नव्या माणसानं ती घेऊ नयेत. सुरुवातीचे दोन महिने रोज बोट मातीत जाऊ द्या. कुठली कुंडी लवकर सुकते, कुठल्या कोपऱ्यात ओल टिकते, हे हाताला जितकं नीट समजतं तितकं काट्यावरून समजत नाही.

दुसरी पायरी: द्यायचं तेव्हा पोटभर

माती कोरडी आहे असं ठरलं की मग हात आखडू नका. कुंडीच्या तळाच्या भोकातून पाणी बाहेर येईपर्यंत द्या. १२ इंची कुंडीत साधारण बारा-तेरा लिटर माती मावते, तिला एका वेळी दीड लिटरच्या आसपास पाणी लागतं. ८ इंची कुंडीला अर्धा लिटर पुरतं. एकदम ओतू नका. आधी थोडं घालून माती भिजू द्या, दोन-तीन मिनिटं थांबा आणि मग उरलेलं घाला. कोरडी माती पहिल्या झटक्यात पाणी धरत नाही.

पाणी खालपर्यंत गेलं की मुळंही त्याच्या मागं खाली जातात. तळापर्यंत पसरलेल्या मुळांचं झाड मे महिन्याची दुपार सोसतं. तांब्या-तांब्यानं वाढलेली मुळं वरच राहतात, आणि गच्चीवरच्या उन्हात पहिल्यांदा तापतो तो वरचाच थर.

दोन पाण्यांच्या मधला काळही तितकाच महत्त्वाचा आहे. मातीच्या कणांमधल्या पोकळ्यांत पाणी नसतं तेव्हा हवा असते, आणि मुळांना श्वासाला ती हवा लागते. पोकळ्या कायम पाण्यानं भरलेल्या राहिल्या की मुळं गुदमरतात, तपकिरी पडतात आणि बुरशी त्यांचा ताबा घेते. मग ओल्या मातीत उभं असलेलं झाडही सुकल्यासारखी मान टाकतं, कारण पाणी ओढून घ्यायला मुळंच उरलेली नसतात. आपण ते पाहून आणखी पाणी घालतो. सगळ्यात जास्त झाडं अशी जातात.

एक गोष्ट काकूंच्या मोगऱ्यावरून सांगायला हवी. कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) जास्त असलेली किंवा फार चिकट माती एकदा पूर्ण वाळली की आक्रसते आणि कुंडीच्या कडेपासून सुटते. वरून पाणी घातलं की ते त्या फटीतून सरळ खाली जातं, भोकातून धो धो बाहेर येतं आणि आपल्याला वाटतं झाड न्हालं. गोळा आतून कोरडाच. अशा वेळी वरून पाणी घालत बसू नका. टबात किंवा मोठ्या बादलीत पाणी घेऊन कुंडी अलगद आत बसवा, पाणी कुंडीच्या कडेच्या जरा खाली राहू द्या. मातीतून बुडबुडे यायला लागतात. बारीक फसफस ऐकूही येते. बुडबुडे थांबेपर्यंत, साधारण अर्धा तास, तशीच ठेवा, मग काढून निथळत ठेवा. काकूंच्या मोगऱ्याची आम्ही आधी वाळलेली मुळं आणि शेंडे कापले, झाड परत कुंडीत भरलं आणि मग कुंडी अशी बुडवली. श्रावणापर्यंत त्याला नवी पालवी आली होती.

तिसरी पायरी: पाणी जायला वाट आहे का?

कुंडी विकत घेतलीत की आधी उलटी करून पाहा. प्लास्टिकच्या पुष्कळ कुंड्यांची भोकं नुसती आखलेली असतात, आरपार पाडलेली नसतात. खिळा तापवून पाडून घ्या. भोकावर खापरीचा एक तुकडा पुरतो, माती वाहून जाऊ नये एवढ्यापुरता. तळाला खडीचा जाड थर घालायची पद्धत आहे, पण त्यानं निचरा सुधारत नाही. बारीक मातीतलं पाणी खालच्या मोकळ्या खडीत सहज उतरत नाही, ते थराच्या वरच अडून राहतं. खडीऐवजी मातीच सगळीकडे भुसभुशीत करा. दोन भाग माती, एक भाग चांगलं कुजलेलं शेणखत आणि एक भाग कोकोपीट किंवा जाडसर वाळू, एवढं मिश्रण बहुतेक फुलझाडांना चालतं.

कुंडी फरशीवर टेकलेली असेल तर भोक बंदच होतं. खाली विटांचे किंवा फरशीचे तीन तुकडे द्या. उन्हाळ्यात तापलेल्या स्लॅबची धगही त्यामुळे मुळांपर्यंत कमी पोचते.

खालच्या ताटलीत पाणी साठू देऊ नका. मुळं कुजतात हे एक कारण, डास हे दुसरं. डेंग्यू पसरवणारा एडिस डास अशाच स्वच्छ साठलेल्या पाण्यात अंडी घालतो, आणि अंड्यापासून उडणारा डास व्हायला उबदार हवेत आठ-दहा दिवस पुरतात. आठवड्यातून एकदा ताटल्या नुसत्या रिकाम्या करू नका, घासून कोरड्या करा, कारण अंडी कडेला चिकटून राहतात.

चौथी पायरी: जमिनीतल्या झाडाला आळं

अंगणातल्या झाडांचा हिशोब वेगळा. जमिनीत मुळं पसरतात, ओल जास्त दिवस टिकते, त्यामुळे पाळी लांबवता येते. पण पाणी खोडाशी ओतायचं नाही. अन्नपाणी घेणारी बारीक मुळं खोडापासून दूर, पानांच्या घेराच्या कडेखाली असतात. तिथे आळं करा. खोडाभोवती मातीचा उंचवटा ठेवा म्हणजे पाणी खोडाला टेकणार नाही, आणि त्याच्या बाहेर वर्तुळाकार खोलगट चर काढा. दरवर्षी झाडाचा घेर वाढेल तसं आळं बाहेर सरकवा. पहिल्या वर्षी केलेलं हातभर आळं पाचव्या वर्षीही तेवढंच असतं, हे मी कितीतरी अंगणांत पाहते.

एक मीटर व्यासाच्या आळ्याला उन्हाळ्यात एका वेळी एक मोठी बादली, म्हणजे १५ ते २० लिटर पाणी द्या. पुढचं पाणी कधी, हे माती ठरवते. काळी माती पाणी धरून ठेवते, तिला उन्हाळ्यातही सहा ते आठ दिवसांनी पाणी पुरतं. पण ती सुकली की भेगाळते आणि भेगांत बारीक मुळं तुटतात, म्हणून तिला पूर्ण वाळू देऊ नका. मुरमाड जमीन किंवा कोकणातली जांभ्याची लाल माती पाणी झटपट सोडते. तिथे तीन-चार दिवसांनी, पण बेतानं द्या, कारण जास्तीचं खालून निघूनच जातं. पाणी किती खोल गेलं ते पाहायला दुसऱ्या दिवशी लोखंडी सळई जमिनीत दाबा. ओल्या मातीत ती सहज जाते, कोरड्यात अडते. वीतभर गेली तर ठीक.

आळ्यात दोन इंच जाडीचं आच्छादन घाला: वाळका पालापाचोळा, उसाचं पाचट, कोकणात नारळाची सोडणं. खोडाला मात्र ते टेकू देऊ नका. आच्छादनाखालची माती मे महिन्यातही दुपारी गार लागते, हात घालून पाहा. कुंडीतही हेच करा.

नर्सरीतून आणलेल्या रोपाबद्दल जरा सावध राहा. पिशवीतलं रोप बऱ्याचदा लाल चिकट मातीच्या घट्ट गोळ्यात असतं. तो गोळा तसाच आपल्या भुसभुशीत मातीत लावला की पाणी भोवतीच्या मोकळ्या मातीतून निघून जातं आणि गोळा आत कोरडा राहतो. गुलाबाची रोपं अशी खूप जातात. लावण्याआधी पिशवीसकट रोप पाण्यात बुडवून गोळा पूर्ण भिजवा, मग पिशवी कापून गोळ्याची बाहेरची माती बोटांनी हलकेच सैल करा, मुळं न तोडता. लावल्यावर पहिले पंधरा दिवस पाणी खोडाजवळच, त्या मूळ गोळ्यावर द्या. मुळं अजून तिथेच आहेत, नव्या मातीत उतरलेली नाहीत. नवीन झाडाला पहिला सगळा उन्हाळा आपला हात लागतो. पारिजातक, कण्हेर, तगर यांसारखी झाडं जमिनीत दोन-तीन वर्षं रुळली की पुढे फारसं मागत नाहीत.

पाचवी पायरी: वेळ, ऊन आणि ऋतू

सकाळी लवकर पाणी देणं सगळ्यात चांगलं. झाड दिवसभराच्या उन्हाला भरल्या पोटानं सामोरं जातं, आणि पानांवर उडालेलं पाणी लवकर वाळतं. गुलाबाच्या पानांवरचे काळे डाग ही बुरशी आहे आणि पान काही तास सलग ओलं राहिलं तरच ती रुजते. संध्याकाळी पानांवर फवारा मारला की तिला सगळी रात्र मिळते. म्हणून पाणी मुळाशी, झारीचं तोंड खाली धरून. धूळ बसलेली पानं धुवायची असतील तर तीही सकाळीच धुवा.

उन्हाळ्यात नळीनं पाणी घालत असाल तर सुरुवातीचं पाणी बादलीत सोडा. उन्हात पडलेल्या नळीतलं पाणी हाताला चटका बसेल इतकं तापलेलं असतं.

फाल्गुन ते ज्येष्ठ या काळात गच्चीवरच्या १० इंची आणि त्याहून लहान कुंड्यांना रोज पाणी लागतं, मे महिन्यात काहींना सकाळ-संध्याकाळ. मोठ्या कुंड्यांना दिवसाआड पुरतं. दुपारी जास्वंदीनं पानं खाली टाकली म्हणून लगेच धावू नका. पानांतून पाणी उडण्याचा वेग मुळांच्या ओढीपेक्षा जास्त झाला की असं होतं. सहा-सात वाजता पाहा. पानं परत ताठ झाली असतील तर माती ओली आहे. सकाळीही मान खालीच असेल तर आधी बोट मातीत घाला. माती कोरडी असेल तर पाणी कमी पडलंय, ओली असेल तर मुळं कुजताहेत.

पावसाळ्यात बहुतेक लोक झारी ठेवून देतात. इथे एक हिशोब करून पाहा. १ मिलिमीटर पाऊस म्हणजे एक चौरस मीटरवर एक लिटर पाणी. १२ इंची कुंडीचं तोंड चौरस मीटरच्या चौदाव्या भागाएवढं. म्हणजे १० मिलिमीटरची चांगली सर आली तरी कुंडीत जेमतेम पाऊण लिटर पडणार, आणि पानांचा घेर मोठा असेल तर छत्रीसारखं त्यातलंही बरंच बाहेर सांडणार. पुण्यासारख्या ठिकाणी जुलैत आठवडाभर नुसती भुरभुर असते. आपण ‘पाऊस चालू आहे’ म्हणत राहतो आणि वळचणीच्या कुंड्या वाळतात. म्हणून पावसाळ्यातही बोट मातीत घालायचंच. मुंबई-कोकणात प्रश्न उलटा असतो. तिथे संततधार सुरू झाली की कुंड्या जरा कलत्या ठेवा, भोकं काडीनं मोकळी करा, ताटल्या काढून टाका. सोनचाफा आणि शेवंती साचलेलं पाणी अजिबात सोसत नाहीत, त्यांना पहिली आडोशाला न्या.

परतीचा पाऊस गेला की ऑक्टोबरचं ऊन एकदम लागतं. पावसाळ्यातल्या कोवळ्या पानांना त्याची सवय नसते. या तीन-चार आठवड्यांत पाणी आठवणीनं वाढवा. थंडीत मात्र हात आवरा. डिसेंबर-जानेवारीत माती सुकायला दुप्पट-तिप्पट दिवस लागतात. मोठी कुंडी चार-पाच दिवस ओली राहते. तुळस याच दिवसांत जाते, कारण रोजचं पाणी चुकवायचं नाही हा आपला नेम. नेम मोडू नका. थंडीत पळीभरच पाणी घाला.

सहावी पायरी: कुणाला किती, आणि कुणाला तहानेलं ठेवायचं

शेतकरी संत्रा-डाळिंबाच्या बागेला बहर धरताना ‘ताण’ देतात: पाणी तोडतात, झाडाची वाढ थांबवतात, पानगळ होऊ देतात आणि मग खत-पाणी देऊन एकदम बहर फोडतात. घरच्या काही फुलझाडांना हेच लागू पडतं, आणि नवख्या माणसाला सांगूनही ते पटत नाही. झाडाला मुद्दाम उपाशी ठेवायचं ही कल्पनाच जिवावर येते. पण मोगऱ्याला सगळं वर्षभर सारखं पाणी दिलंत तर तो पानं देत राहतो, फुलं तुरळक.

मोगऱ्याचं असं करा. डिसेंबरच्या मध्यापासून पाणी कमी करत आणा. दोन-तीन आठवडे माती जवळजवळ पूर्ण सुकल्यावरच थोडंसं द्या. खालची पानं पिवळी पडून गळतील, घाबरू नका. संक्रांतीनंतर फांद्या अर्ध्यापर्यंत छाटा, उरलेली पानं काढा, वरची दोन इंच माती उकरून त्या जागी शेणखत घाला आणि मग पोटभर पाणी सुरू करा. छाटलेल्या फांद्यांच्या पेरांतून लालसर-हिरवे कोंब फुटतात आणि त्यांच्याच टोकांना कळ्या येतात. मार्चपासून ओंजळ भरायला लागते. कळ्या दिसल्यापासून मात्र एकही पाळी चुकवायची नाही.

बोगनवेलीला तर तहानच लागते. पावसाळ्यात ती हिरवीगार होते आणि फुलं बंद करते, पाऊस सरला की रंगात येते. कुंडीतल्या बोगनवेलीची पानं किंचित मलूल होईपर्यंत थांबा, मग भरपूर पाणी द्या, परत थांबा. जमिनीत दोन वर्षं झालेल्या वेलीला मी पाणी देतच नाही.

गुलाबाची छाटणी ऑक्टोबरात, पाऊस पूर्ण थांबल्यावर. आधी आठवडाभर पाणी कमी करा, छाटल्यावर खत घालून वाढवा. सहा-सात आठवड्यांत पहिली फुलं येतात. जास्वंदीला असला ताण नको, ती बारा महिने फुलते आणि बारा महिने तहानलेली असते. तिच्या कळ्या गळायला लागल्या तर आधी पाणी अनियमित झालं का ते आठवा, आणि एक गळलेली कळी नखानं उघडून पाहा. आत बारीक अळी असेल तर दोष पाण्याचा नाही.

अनंत या सगळ्यांत लाडावलेला. माती एकदा खडखडीत, एकदा चिखल असं झालं की तो हिरव्या कळ्याच टाकून देतो. त्याला एकसारखी ओल हवी, सकाळचं ऊन हवं, आणि पाणीही मऊ हवं, त्याबद्दल पुढे सांगते. अबोलीलाही ओल आवडते, चिखल आवडत नाही, अर्ध्या सावलीत ती खूश असते. देवचाफा थंडीत पानं टाकतो, तेव्हा त्याचं पाणी जवळपास बंद करा. जाड खोडात त्याची सोय असते. कंद असलेल्यांचंही तसंच. मे फ्लॉवरची पानं हिवाळ्यात पिवळी पडून गेली की कुंडी पावसा-पाण्यापासून दूर कोपऱ्यात ठेवून द्या. रिकामी कुंडी पाहून कुणीतरी प्रेमानं पाणी घालतं आणि कंद सडतो. घरात सगळ्यांना सांगून ठेवा, नाहीतर कुंडीला दोरी बांधून खूण करा. वळवाच्या दिवसांत परत पाणी द्या, मातीतून टोकदार कोंब वर येईल.

सातवी पायरी: पाणी कुठलं?

नळाचं पाणी सहसा चालतं. अडचण बोअरच्या पाण्याची येते. घरातल्या नळांवर, शॉवरच्या भोकांवर पांढरा थर बसत असेल तर तेच क्षार कुंडीतही साचत आहेत. मातीच्या कुंडीबाहेर क्षारांची पांढरी पूड धरते, मातीवर पापुद्रा येतो. अशा मातीत लोह असूनही झाडाला मिळत नाही. अनंत, जास्वंद, गुलाबाची नवी पानं पिवळी पडतात आणि शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. ही खूण पक्की लक्षात ठेवा, कारण जास्त पाण्यानं पिवळं पडणारं पान खालचं, जुनं असतं आणि मऊ पडून गळतं.

उपाय म्हणून पावसाचं पाणी पिंपात झाकून साठवा आणि अनंतासाठी राखा. एसीतून ठिबकणाऱ्या पाण्यात क्षार नसतात, त्याचा गारवा गेल्यावर तेही वापरा. महिन्यातून एकदा कुंडीत नेहमीच्या दुप्पट पाणी सावकाश घालून क्षार खालून धुऊन काढा. आरओ यंत्रातून बाहेर पडणारं पाणी क्षारांनी भरलेलं असतं. ते कुंडीतल्या फुलझाडांना देऊ नका, अंगण धुवायला वापरा. तांदूळ-डाळ धुतलेलं पाणी आठवड्यातून एखाद्या वेळी चालतं, पण मीठ किंवा साबण गेलेलं कुठलंच पाणी नको. आणि कुठलंही खत कोरड्या मातीत घालू नका. आदल्या दिवशी पाणी द्या, मग खत, म्हणजे मुळं भाजत नाहीत.

आठवी पायरी: गावाला जाताना

चार-पाच दिवसांसाठी जाताना सगळ्या कुंड्या उन्हातून काढून भिंतीच्या सावलीत एकमेकींना खेटून ठेवा, मोठ्या बाहेर आणि लहान मध्ये. निघायच्या दिवशी सकाळी पोटभर पाणी द्या, वर ओला पालापाचोळा पसरा, उमललेली फुलं आणि मोठ्या कळ्या खुडून देवाला वाहा. फुलं झाडाचं पुष्कळ पाणी खातात.

त्याहून जास्त दिवस असतील तर वैशाखात तुळशीवर आणि शंकराच्या पिंडीवर बांधतात ती गळती आठवा. तळाला बारीक भोक, त्यात दर्भाची किंवा सुताची वात, आणि थेंब थेंब पाणी. कुंडीसाठीही हाच मार्ग. उंचावर ठेवलेल्या बादलीतून जाड सुती दोरी कुंडीच्या मातीत दोन इंच खोल पुरा. दोरी आधी पूर्ण भिजवून घ्या, नाहीतर पाणी चढत नाही. जाण्याच्या आधी दोन दिवस करून पाहा, म्हणजे बादली किती दिवस पुरते ते कळेल.

संक्रांतीची सुगडंही मी जपून ठेवते. हळद-कुंकू धुऊन सुगड मोठ्या कुंडीत गळ्यापर्यंत पुरायचं, पाण्यानं भरायचं आणि पणतीनं झाकायचं. भाजलेल्या मातीचं भांडं पाझरतं आणि आसपासची माती सुकेल तसतसं पाणी सोडतं. पुरण्याआधी एकदा भरून ठेवून बाहेरून ओल येते का ते पाहा. रंगवलेली सुगडं पाझरत नाहीत. अंगणात याच रीतीनं झाडाच्या आळ्यात तीन-चार लिटरचं मडकं पुरता येतं. दोन वर्षांनी असं एक मडकं मी उकरलं तेव्हा जाईच्या पांढऱ्या मुळांची जाळी त्याला बाहेरून विणल्यासारखी बिलगली होती.

कुंड्या पंचवीस-तीसच्या वर गेल्या तर ठिबक लावून घ्या. ताशी ४ लिटरचा ड्रिपर १२ इंची कुंडीला वीस-पंचवीस मिनिटांत पुरेसं पाणी देतो. टायमर लावलात तरी आठवड्यातून एकदा प्रत्येक थेंब पडतोय ना ते पाहा, कारण क्षारांनी ड्रिपर तुंबतात आणि एखादं झाड गुपचूप वाळून जातं.

परत आल्यावर एखाद्या झाडानं मान टाकलेली दिसली तर ते भर उन्हात असताना पाणी ओतू नका. आधी सावलीत घ्या, कुंडी टबात बुडवून माती भिजवा, रात्रभर निथळू द्या. वाळलेल्या फांद्या लगेच कापायची घाई नको. आठ-दहा दिवसांनी खोड नखानं हलकेच खरवडून पाहा. सालीखाली हिरवं दिसलं तर तिथपर्यंत झाड जिवंत आहे, त्याच्या वरचा भाग कापा आणि नवा कोंब फुटेपर्यंत पाणी बेतानंच द्या.